चोख माल

आमच्या आळीतल्या मोरूअण्णांना अंगणात आणून ठेवलं होतं. बायका रडत होत्या, भटजी दर्भ शोधत होते, आणि गजाकाकांनी पुढे होऊन मोरूअण्णांची हनुवटी हळूच डावीकडे फिरवली. दोन पावलं मागे गेले, एक डोळा मिटून पाहिलं, परत पुढे आले आणि आणखी अर्धं बोट फिरवली. मग मोरूअण्णांच्या मुलाच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "आता बघ. अर्ध्या तोंडावर उजेड, अर्ध्यावर सावली. जिता असताना इतका रुबाबदार कधी दिसला नव्हता तुझा बाप." मुलगा रडता रडता बघत राहिला आणि मान हलवून म्हणाला, "खरंच की हो."

गजाकाका म्हणजे गजानन दत्ताराम तोडणकर. वय ऐंशीच्या पुढे. रत्नागिरीत परटवण्याच्या उतारावर त्यांचं घर, पुढच्या खोलीत फोटो स्टुडिओ, आणि मागच्या खोल्यांत ते एकटे. काकी जाऊन बरीच वर्षं झाली. मुलगा डोंबिवलीला, तो दर सुट्टीला या या म्हणतो आणि हे जात नाहीत. मी भिंतीपलीकडचा शेजारी. वीज कार्यालयात तक्रारींच्या टेबलावर बसून निवृत्त झालेला साधा कारकून. पण गजाकाकांच्या लेखी वीज खात्यातला प्रत्येक माणूस वायरमन, त्यामुळे गेली चाळीस वर्षं मी आळीत वायरमन आहे. मी आयुष्यात फ्यूजसुद्धा बदललेला नाही.

वीज गेली की लोक तक्रार करतात. गजाकाकांची तक्रार वीज असल्याची असे. त्यांचा एक अर्ज मला तोंडपाठ आहे. 'सौ. शेवडे यांच्या दारासमोरील खांबावरचा दिवा बरोबर डोक्यावर असल्याने सदर बाई संध्याकाळी सातनंतर चेटकिणीसारख्या दिसतात, तरी खांब चार फूट पश्चिमेस सरकवावा.' हे एक वेळ खपलं असतं. पण खाली लिहिलं होतं, 'प्रत माहितीसाठी: सौ. शेवडे.' त्या आठवड्यात शेवडेबाई आमच्या कार्यालयात दोनदा येऊन गेल्या. दोन्ही वेळा दिवसाउजेडी आल्या, हे मी मान्य केलं पाहिजे.

बाजारात जाताना गजाकाकांच्या काखेत पिशवी नसे, चांदीचा कागद डकवलेला एक पुठ्ठा असे. त्याला ते बोर्ड म्हणत. मासळीबाजारात ते बोर्ड धरून उन्हाची तिरीप माशाच्या डोळ्यात सोडत. "डोळ्यात ठिणगी दिसली पाहिजे. ठिणगी नाही तो मासा मेलेला." मासे सगळेच मेलेले असतात हे त्यांना सांगण्यात अर्थ नव्हता. कोळणी मात्र त्यांच्यावर बेहद्द खूश. "ओ काका, आधी हिकडं या तुमचा पत्रा घेऊन," अशा चारी बाजूंनी हाका. कारण त्या बोर्डाच्या उजेडात कालचा बांगडासुद्धा आजचा दिसायचा. तो ताजा म्हणून गिऱ्हाइकं घेऊन जायची, आणि एकदा त्या गिऱ्हाइकांत मीही होतो.

हे सगळं आलं कुठून, तर सायबाकडून. गजाकाकांच्या घरात देव दुसरे आणि सायब पहिला. सायब म्हणजे कुर्ट नावाचा जर्मन कॅमेरामन. लढाईच्या आधी मुंबईच्या एका स्टुडिओत तो सिनेमे टिपायचा आणि गजाकाकांचे वडील, दत्ताराम, त्याच्या हाताखाली बोर्ड धरायचे. आडनाव कोणालाच ठाऊक नाही. पुढे दत्तारामांनी रत्नागिरीत स्टुडिओ काढला तेव्हा रंगाऱ्याला सांगितलं, 'कुर्ट फोटो स्टुडिओ' लिही. रंगाऱ्याला वाटलं, दत्तारामांच्या तोंडून एक मात्रा राहिली. त्यानं आपल्या पदरची घातली. तेव्हापासून पाटी आहे 'कुर्टे फोटो स्टुडिओ'. निम्मं गाव तोडणकरांना कुर्टे म्हणतं. लग्नपत्रिका 'श्री. गजानन कुर्टे व परिवार' अशा येतात. राजापूरचे एक गृहस्थ तर, तुमचं मूळ गाव कुठलं, आमच्याकडे कुर्ट्यांची एक मुलगी दिलेली आहे, असं म्हणत दोन तास बसले होते. गजाकाकांनी शांतपणे सांगितलं, "आमचे कुर्टे जर्मनीकडचे."

सायबाचं चरित्र मी इतक्या वेळा ऐकलंय की परीक्षेला बसलो तर पहिला येईन. जर्मनीतल्या ज्या गावी तो जन्मला तिथे सूर्य फक्त लग्नाला आणि मर्तिकाला यायचा. म्हणून त्या लोकांना उजेडाची किंमत आणि सावलीची कला. तिकडच्या स्टुडिओत हातभर दिवे वाहून तो मोठा झाला. मग इकडच्या एका शेटजींनी बोलावलं. चौदा पेट्या घेऊन मुंबईच्या धक्क्यावर उतरला, वर बघितलं आणि म्हणाला, "यांनी सूर्य फार उंचावर टांगलाय." पहिला महिना त्यानं सिनेमा काढलाच नाही, स्टुडिओच्या अंगणावर मांजरपाट ताणून सूर्य खाली आणायचं काम केलं. त्याच्या उजेडात देव उभा राहिला की प्रेक्षक सावध होत, हा आता कोणाचा तरी खून करणार. आणि खलनायक असा सात्त्विक दिसे की लोक बायकोला विचारत, आपल्या कुसुमसाठी कसा काय वाटतो? शेटजी चिडले तेव्हा सायब म्हणाला, माणूस आहे तितकी सावली पडणारच. हे सायब कुठल्या भाषेत म्हणाला, असं मी एकदा विचारलं होतं. त्यानंतर आठ दिवस आमचं बोलणं बंद होतं.

भाषेचा प्रश्न तसा महत्त्वाचा. सायबाला मराठी एकच शब्द येत होता, असं गजाकाका सांगतात, आणि तो दत्तारामांच्या वाट्याला आला होता. शॉट संपला की सायब कॅमेऱ्यावरून तोंड वर करी, दत्तारामांकडे बघून एक बोट उभं करी आणि म्हणे, "चोख माल." एक बोट, म्हणजे एक नंबर. दत्तारामांचे मामा राजापूरच्या पेठेत आमसुलं आणि काजूगर विकायचे, त्यामुळे चोख माल म्हणजे काय ते दत्तारामांना शिकवायला नको होतं. इतकी मोठी असामी, पण आपल्यासाठी आपल्या मुलखातला शब्द शिकली, याचं त्यांना जन्मभर अप्रूप. एकच गोष्ट विचित्र होती. चोख माल म्हणून झालं की सायब तोच शॉट पुन्हा घ्यायचा.

दत्तारामांनी यावर विचार केला आणि एक सिद्धान्त काढला. "एकदा चांगलं झालं तर तो योगायोग. दोनदा झालं तर ते काम." या सिद्धान्तावर तोडणकरांच्या दोन पिढ्या उभ्या आहेत. गजाकाकांनी फोटो काढला, चांगला आला असं वाटलं, की बोट वर, "चोख माल", आणि पुन्हा पहिल्यापासून. माळनाक्यावर एका दुकानाच्या उद्घाटनाची फीत गाठ मारून तीनदा कापली गेली, तिसऱ्या वेळी पाहुण्यांनी कात्री स्वतःहून मागून घेतली. आमच्या आळीतल्या प्रत्येक जोडप्यानं एकमेकांना निदान दोनदा हार घातलेले आहेत. माझ्या लग्नात तीनदा. आमची ही अजून म्हणते, "मी तुमच्याशी लग्न एकदाच केलं. पुढची दोन फोटोग्राफरला दुखवायला नको म्हणून." गजाकाकांकडे चहाला गेलं आणि चहा छान झालाय म्हटलं, की ते उठून आधण परत चढवतात. मला पित्ताचा त्रास, त्यामुळे मी गेली वीस वर्षं त्यांच्या तोंडावर चहाला नावं ठेवत आलोय.

या चरित्रात एक दिवस असा होता की तो सांगताना गजाकाकांचा आवाज खाली यायचा. लढाई सुरू झाली होती आणि जर्मन म्हणून सायबाला पकडायला पोलीस स्टुडिओत आले. अंगणात शॉट चालू होता. नायिका खिडकीत, दत्ताराम बोर्ड धरून उन्हात. गोरा अधिकारी भला माणूस असावा, शॉट संपेपर्यंत टोपी हातात घेऊन थांबला. शॉट संपला. सायबानं तोंड वर केलं, दत्तारामांकडे बघितलं, एक बोट उभं केलं आणि म्हणाला, "चोख माल." अधिकाऱ्यानं कोपराला धरलं. गाडी गेली. दत्ताराम बराच वेळ बोर्ड तसाच धरून उभे होते. मग बोटीनं रत्नागिरीला आले. जाताना सायब शाबासकी देऊन गेला, हे त्यांचं सर्टिफिकेट.

लढाई संपल्यावर कैद्यांच्या छावणीतून सुटून सायब मुंबईला परत आला, पुन्हा कामाला लागला, पुष्कळ सिनेमे केले. त्याचा सिनेमा रत्नागिरीत लागला की दत्ताराम रोज जात. गजाकाका तेव्हा पोर, तेही बरोबर. दत्ताराम गोष्ट बघत नसत. नायिकेच्या गालाकडे बघत आणि कानात सांगत, "बघ, उजेड थरथरतोय. बोर्ड नवा माणूस धरतोय." तुम्ही का जात नाही परत, असं बायकोनं विचारलं की म्हणत, "शाबासकी देऊन निरोप दिलेल्या माणसानं आपण होऊन उंबरा चढू नये. बोलावणं आलं तर गोष्ट वेगळी." बोलावणं आलं तर वेळ जायला नको म्हणून त्यांनी पत्र्याची एक पेटी भरून ठेवली होती. दोन शर्ट, तापलेले दिवे धरायचे चामडी हातमोजे, स्टुडिओच्या फाटकाचा पास. दर दिवाळीला शर्ट धुऊन परत पेटीत. रंगीत सिनेमा आला, सायब म्हातारा झाला, मुंबईतच गेला, तिथेच पुरला. वर्तमानपत्रातलं ते कात्रणही दत्तारामांनी पेटीत ठेवलं. पेटी काही मोडली नाही. ते गेल्यावर गजाकाका दर मे महिन्यात अंगणात आमसुलांशेजारी त्या पेटीला ऊन देतात.

तर अशी सगळी घडी बसलेली असताना, या वर्षी माझी भाची श्रुती आली. श्रुती नर्स आहे. पुण्याला राहून जर्मन शिकली, तिकडच्या एका इस्पितळात तिची नेमणूक झाली, आणि जायच्या आधी चार दिवस मामाकडे. जर्मन येणारी मुलगी शेजारी उतरली आहे हे कळल्यावर गजाकाका धोतर बदलून आले. त्यांना बाबांच्या फोटोखाली काळ्या दगडाची पाटी बसवायची होती. पाटीवर सायबाचा शब्द, सायबाच्या लिपीत.

"पण आजोबा, 'चोख माल' मराठीच आहे ना?" श्रुती म्हणाली.

"मराठीच. पण तो म्हणायचा जर्मनासारखा. बाबा करून दाखवायचे." गजाकाकांनी हनुवटी आत घेतली, बोट उभं केलं आणि घशातून, गुळणी केल्यासारखा आवाज काढला.

श्रुतीच्या हातातली बशी थांबली. "काय म्हणालात? पुन्हा एकदा म्हणा."

गजाकाकांनी पुन्हा एकदा म्हटलं. श्रुतीनं माझ्याकडे बघितलं आणि उद्या लिहून देते म्हणाली.

ते गेल्यावर ती म्हणाली, "मामा, तो साहेब चोख माल नव्हता म्हणत. नॉख माल म्हणत होता."

"म्हणजे?"

"पुन्हा एकदा."

खरं सांगायचं तर आधी मी हसलो. इतका हसलो की ही स्वयंपाकघरातून बघायला आली. माळनाक्याची फीत, आमचे तीन हार, वीस वर्षांचा चहा, सगळं एका झटक्यात उलगडलं. आणि मग हसू गेलं, कारण दत्तारामांचं सर्टिफिकेट गेलं होतं. जन्मभर ज्याला शाबासकी समजले ती शाबासकी नव्हतीच. सायबानं त्यांना एकदाही चांगलं म्हटलेलं नव्हतं. हे ऐंशी वर्षांच्या माणसाला, रिकाम्या घरात, पुढ्यात बापाचा फोटो असताना कोण सांगणार? मी श्रुतीला म्हटलं, जर्मनीत शाबासकीला काय म्हणतात ते लिही आणि मोकळी हो. ती कुरकुरली, पेशंटशी खोटं बोलायचं नाही असं आम्हांला शिकवतात म्हणाली. मी म्हटलं, ते पेशंट नाहीत, शेजारी आहेत.

दुसऱ्या दिवशी चिठ्ठी घेऊन गेलो. तीवर तिनं 'झेर गूट' असं जर्मन अक्षरांत लिहिलं होतं, म्हणजे फार छान. गजाकाकांनी चिठ्ठी आधी खिडकीशी धरली, उजेड बरोबर केला, मग चष्मा लावला.

"बाय माझे, यात माल कुठाय?"

श्रुतीनं ओढणी सारखी केली.

"एम, ए, एल. शेवटी पाहिजे. मी बाराखडी जाणतो इंग्रजी. वायरमन, तू हिला काय शिकवलंस?"

तक्रारीच्या टेबलावर मी जन्मभर खोटं बोललो होतो, एका तासात वीज येईल म्हणून. त्या दिवशी मला एक शब्द सुचला नाही. श्रुतीच त्यांच्या शेजारी बसली आणि इस्पितळात सांगतात तसं, हळू आणि सरळ, तिनं सांगून टाकलं.

गजाकाका फोटोकडे बघत राहिले. मग म्हणाले, "म्हणजे बाबांना वाटायचं शाबास, आणि तो म्हणायचा पुन्हा."

"हो. पण आजोबा, त्यांनी प्रत्येक वेळी पुन्हाच केलं ना?" श्रुती म्हणाली. "अर्थ चुकला, काम नाही चुकलं."

"ते खरं," गजाकाका म्हणाले. "बाबा बोर्ड चोख धरायचे." ते उठले, चहाचं आधण ठेवलं, ते उकळून आटलं तरी त्यांच्या लक्षात आलं नाही. मी गॅस बंद केला तेव्हा ते भिंतीला टेकून उभे होते आणि एक बोट वर धरून त्याच्याकडे बघत होते.

"त्या दिवशी, पोलीस आले त्या दिवशी... तेव्हा पण तेच म्हणाला तो. मग पुन्हा एकदा कुठे झालं?"

मी आटलेलं आधण खाली उतरवलं.

"टेक राहिला ना मग तो. सायबाला पुन्हा घ्यायचा होता. बाबांना घेऊन." बोट अजून वरच होतं. "बोलावणं येईल म्हणून बाबा म्हातारे झाले रे. आणि तो जातानाच बोलावून गेला होता. आपण घरातनं निघताना जातो म्हणतो का कधी? येतो म्हणतो. सायब 'येतो' म्हणाला, आणि बाबांना वाटलं 'शाबास' म्हणाला."

निरोपाला जर्मन माणसं असं म्हणत नाहीत, हे श्रुतीला माहीत होतं. तिच्या ओठांवर आलेलं मला दिसलं. ती म्हणाली नाही, आणि त्याबद्दल ती पोर मला फार आवडली.

तिसऱ्या दिवशी सकाळी आठ वाजता मी गजाकाकांबरोबर एसटी स्टँडवर होतो. ज्यांना मुलगा दर सुट्टीला बोलावून थकला ते स्वतःहून मुंबईच्या गाडीत चढले होते. मी बरोबर येतो म्हटलं तर म्हणाले, "तू आलास तर आळीतल्या उजेडाकडे कोण बघणार?" कात्रणात सायबाला पुरल्याची जागा दिली होती, तिथेच त्यांना जायचं होतं. मुलगा उतरून घ्यायला येणार होता. बोर्ड काखेत होता, आणि शेजारच्या सीटवर त्यांनी ती पत्र्याची पेटी ठेवली होती.

कंडक्टर बाई होत्या. "आजोबा, पेटी खाली घ्या. आधार कार्ड दाखवा, पंच्याहत्तरीच्या पुढे फुकट आहे."

"दोन द्या. मुंबई."

"दुसरं कोणाचं?"

"बाबांचं," गजाकाका म्हणाले. "ते पंच्याहत्तरीच्या बरेच पुढे आहेत."

बाईंनी माझ्याकडे बघितलं. मी खिडकीखाली उभा होतो. मी मान हलवली, पण ती होकारार्थी होती की कशी, मला आजही सांगता येणार नाही.

"ओळखपत्र लागतं," बाई जरा मऊ आवाजात म्हणाल्या.

गजाकाकांनी पेटी उघडून फाटकाचा पास काढला. तपकिरी पडलेला, कडा गेलेल्या. वर फोटो होता. विशीबाविशीचा तरुण, अर्ध्या तोंडावर उजेड, अर्ध्यावर सावली, आणि डोळ्यात ठिणगी. बाईंनी तो हातात घेतला आणि मागच्या लोकांची कुरकुर सुरू होईपर्यंत बघत राहिल्या.

"कोणी काढलाय हो?"

"सायबानं. दोनदा काढला असणार."

बाईंनी मशीनची बटणं दाबली. शून्य रुपयांची दोन तिकिटं निघाली. एक त्यांनी गजाकाकांच्या हातात दिलं आणि दुसरं पेटीच्या कडीत खोचलं. मला तिथेच रडू आलं. वयाच्या बासष्टाव्या वर्षी, भर स्टँडवर, आणि ऊन समोरून असल्यामुळे सगळ्यांना दिसेल असं.

गजाकाकांनी पेटी जरा डावीकडे फिरवली. मागे रेलून एक डोळा मिटून बघितलं आणि आणखी अर्धं बोट फिरवली. खिडकीतलं ऊन बरोबर अर्ध्या पेटीवर आलं.

गाडी सुरू झाली. मी म्हटलं, "नीट जा काका."

"जा काय म्हणतोस, वायरमन?"

मग मी एक बोट उभं केलं. त्यांनीही केलं, एकदा माझ्याकडे आणि एकदा शेजारच्या सीटकडे बघितलं, आणि म्हणाले, "येतो."